भजे मऊ पडतात, तेल पितात: पीठ बदलायच्या आधी एवढं बघा

परभणीत आमची पिठाची गिरणी आहे. वडिलांनी टाकली, आता मी बघतो. पावसाळ्यात संध्याकाळी आभाळ भरून आलं की दुसऱ्या दिवशी सकाळी एक तरी गिऱ्हाईक ठरलेलं. “भाऊ, कसलं पीठ दिलंत हो? भजे सगळे लिबलिबीत झाले.” भज्याचं खापर पिठावर, पिठाचं गिरणीवर आणि गिरणीचं माझ्या डोक्यावर. सुरुवातीला वाद घालायचो. मग विचारायला लागलो, कांदा कधी चिरला, तेल किती तापवलं, काढून कशात ठेवले. पुढं पुढं तर लोकांच्या ओट्यापाशी जाऊन उभा राहायला लागलो. आता बहुतेक वेळा नुसतं ऐकूनच कळतं. खालच्या यादीत पीठ सातव्या नंबरावर आहे. गिरणीवाला आहे म्हणून ते मागं ढकललं, असं कुणाला वाटेल तर वाटू द्या.

(इकडं आम्ही भजे म्हणतो, पुण्याकडचे भजी म्हणतात. वस्तू एकच. लातूर-धाराशिवकडं वेळ अमावस्येला शेतात जेवतात ती भज्जी मात्र निराळी, ती पातळ भाजी असते. तिच्याबद्दल हे नाही.)

आधी लक्षण ओळखा

काढताना झाऱ्यात खुळखुळ वाजतात आणि ताटात येईस्तोवर मऊ होतात: दोष कढईतला नाही, नंतरचा. नंबर १ बघा.

कढईतच मऊ, बोटांना तेल, खाली कागदावर तेलाचं थारोळं: २, ३ आणि ६.

बाहेरून लालभडक, आत पीठ कच्चं: ३.

बटाट्याच्या चकतीवरून पिठाचं टरफल सुटून येतं: ४.

भज्याला शेपट्या, तेलात बुंदीसारखे थेंब, नाहीतर उलट, भजा दातानं फुटत नाही: ५.

पिठावर तांबूस डाग, साबणासारखी चव: ६, सोडा.

तेलाला फेस येतो आणि खाली बसत नाही: थेट ८ वर जा, मधलं काही करत बसू नका.

या सगळ्यामागं एकच गोष्ट आहे, पाणी. कांद्यात शंभर ग्रॅमला ८८-८९ ग्रॅम पाणीच असतं. घोसाळं त्याहून पाणचट. पिठात आपण पाणी घालतो ते वेगळंच. तळणं म्हणजे बाहेरच्या थरातलं हे पाणी वाफ करून हाकलणं. कढईत जे बुडबुडे दिसतात ते तेल उकळल्याचे नसतात, ती भज्यातली वाफ असते. म्हणून बुडबुडे विरळ झाले, आवाज बसला की भजा झाला. पाणी नीट गेलं नाही किंवा गेलेलं परत आलं की भजा मऊ. आता फुकटच्या तपासणीपासून सुरू करू.

१. काढून ठेवता कशात?

याला एक रुपया लागत नाही आणि सगळ्यात जास्त घरांत चूक इथंच होते. एका श्रावणात गल्लीतल्या एक काकू भर पावसात स्टीलचा डबा घेऊन गिरणीत आल्या. पुरावा म्हणून. “बघा तुमच्या पिठाचे प्रताप.” मी झाकण काढून उलटं धरलं. आतल्या बाजूला थेंब लटकलेले होते, आणि धरल्या धरल्या त्यातले दोन माझ्या मनगटावर पडले. काकूंना म्हटलं, हे पाणी मी दळून दिलेलं नाही. त्या हसल्या नाहीत, पण त्यांना कळलं.

भजा बाहेर काढला तरी त्याच्या पोटातून वाफ निघतच असते. त्याला झाकलं, एकावर एक रचलं, डब्यात भरलं की ती वाफ बाहेरच्या कुरकुरीत थरातच मुरते. म्हणून पिठाची चाळणी परातीवर उलटी ठेवा किंवा स्टीलची जाळी घ्या आणि भजे एका थरात पसरा. खालून हवा लागली पाहिजे. मुलांना डब्यात द्यायचे असतील तर पूर्ण गार झाल्याशिवाय झाकण लावू नका.

दुसरी गोष्ट तेलाची. भजा तेलात असतो तोवर वाफ बाहेर ढकलत असते, तेलाला आत जायला वाव कमी असतो. बाहेर आला, निवायला लागला की वाफेची जागा रिकामी होते आणि वरचं तेल आत ओढलं जातं. म्हणजे भजा तेल पितो तो जास्त करून कढईच्या बाहेर. त्यावर उपाय सोपा: काढायच्या आधी शेवटची पाच-सात सेकंद आच वाढवा, झारा कढईवरच धरून दोन-तीन झटके द्या, मग जाळीवर. वर्तमानपत्रावर टाकू नका. शाई अन्नाला लागते, अन्न सुरक्षा प्राधिकरणानं २०१६ मध्ये आणि पुन्हा २०२३ मध्ये तसं बजावलेलं आहे. गाड्यावर चालतं म्हणून घरी चालवायचं कारण नाही.

२. कढईत गर्दी

पाहुणे बसलेत, भूक लागलीय, म्हणून एका घाण्यात मावतील तेवढे सोडायचे. गार पीठ पडलं की तेल उतरतं आणि वाफ होताना ते पाणी आणखी उष्णता खातं. भजे मग तळले जात नाहीत, तेलात शिजतात. तेलाचा वरचा पृष्ठभाग निम्मा मोकळा दिसला पाहिजे, हा माझा हिशोब. दोन घाण्यांमध्ये मिनिटभर थांबा. घाई असेल तर दोन कढया लावा, एका कढईत दोन घाणे कोंबू नका.

३. तेल किती तापलं?

भज्याला १७० ते १८० अंश सेल्सिअस लागतं. थर्मामीटर आपल्याकडं कुणाच्याच ओट्यावर नसतो, तर पिठाचा मुगाएवढा थेंब सोडा. तळाशी जाऊन बसून राहिला तर तेल थंड आहे. खाली जाऊन लगेच, बुडबुड्यांसकट वर आला तर बरोबर. पडल्या पडल्या तपकिरी झाला तर जास्त तापलं, आच कमी करून दोन मिनिटं थांबा.

तेल धुरावलं म्हणजे तापलं, हा समज काढून टाका. धूर म्हणजे तेल जळायला लागलं. तेवढ्या तेलात भजा बाहेरून अर्ध्या मिनिटात लाल होतो, आपण फसून काढतो आणि आत कच्चं पीठ राहतं. वर ते पाच मिनिटांत बाहेरचा थरही मऊ करतं, कारण आतलं पाणी जायला वेळच मिळालेला नसतो. सोडताना आच मोठी, मग मध्यम, काढताना पुन्हा मोठी. आणि थेंबाची परीक्षा पहिल्याच घाण्याला करून भागत नाही, दर घाण्याला करा.

४. भाजीचं पाणी

खेकडा भजे, म्हणजे उभ्या कांद्याचे, यांचा हिशोब वेगळा आणि चकती बुडवून करायच्या भज्यांचा वेगळा. दोन्हींचा घोळ केला की दोन्ही बिघडतात.

कांदा उभा, पातळ, सारख्या जाडीचा चिरा. हातानं पाकळ्या मोकळ्या करा. तीन मध्यम कांद्यांना लहान चमचाभर मीठ चोळून पंधरा मिनिटं ठेवा. मीठ कांद्यातलं पाणी ओढून बाहेर काढतं. त्याच पाण्यात पीठ भिजवायचं, वरून पाणी घालायचं नाही. पीठ एकदम ओतू नका. भुरभुरवत जा, बोटांनी वरखाली करत जा, आणि कांदा पिठानं चिकटला, पण कांदा कांदाच दिसतोय, इथं थांबा. साधारण एक वाटी पीठ बसतं. कांदा ताजा असेल तर पाणी जास्त सुटतं, मग पीठ थोडं जास्त लागतं.

खरा सापळा पुढं आहे. पीठ लावून झालं, तेवढ्यात फोन येतो, “आम्ही अजून बसस्टँडवरच आहोत.” भांडं तसंच अर्धा तास झाकून ठेवलं जातं. मीठ काही पाहुण्यांची वाट बघत नाही, ते कांद्यातून पाणी ओढतच राहतं. अर्ध्या तासानं बघावं तर सगळं सैल. मग वरून आणखी पीठ टाकतात. कांदा कमी, पीठ जास्त, असा तो भजा कुठूनच कुरकुरीत होत नाही. माझ्या मेव्हण्याच्या साखरपुड्याला आम्ही स्वतः हे केलंय, आणि तेव्हा पीठ आमच्याच गिरणीचं होतं, त्यामुळं बोलायलाही जागा नव्हती. तेव्हा मीठ लावलेला कांदा वाट बघू शकतो, पीठ लावलेला नाही. पाहुणे दारात आले की पीठ लावा, तोवर तेल तापत ठेवा.

चकतीच्या भज्यांना उलटं. बटाटा, घोसाळं, वांगं यांची चकती धुतली की फडक्यावर पसरून कोरडी करा. ओल्या चकतीवर पीठ धरत नाही, तेलात त्या पाण्याची वाफ होते आणि पिठाचं टरफल उचलून टाकते. फार नडलं तर चकतीला आधी कोरडं पीठ चोळून घ्या, मग बुडवा. बटाटा दोन-तीन मिलिमीटर, यापेक्षा जाड नको. ओव्याची पानंही पुसूनच.

मिरचीला पोटातून चीर द्यायला विसरू नका. अख्खी मिरची तेलात वाफेनं फुटते आणि तेल थेट अंगावर येतं.

५. पीठ किती घट्ट?

बुडवायच्या भज्यांचं पीठ चमच्याच्या पाठीवर थर धरेल आणि बोट ओढलं तर रेघ राहील, एवढं. पातळ झालं तर शेपट्या येतात आणि थर इतका बारीक बसतो की आतल्या बटाट्याच्या वाफेनंच मऊ पडतो. घट्ट झालं तर आतलं पीठ कच्चं राहतं किंवा गार झाल्यावर दगड. पाणी गार घ्या आणि थोडं थोडं घाला. गुठळ्या मोडल्या की एकाच दिशेनं चार-पाच मिनिटं फेसा, त्यानं हवा भरते आणि भजा हलका होतो. हे पीठ दहा मिनिटं मुरू द्या. कांदा आत नसल्यामुळं इथं थांबण्याचा तोटा नाही, फायदाच आहे.

६. सोडा आणि मोहन

सोडा एक वाटी पिठाला एक चिमूट. चमचा नव्हे. सोड्यानं पिठात बुडबुडे होतात, पण जास्त झाला की भजा स्पंजासारखा होतो आणि स्पंजासारखाच तेल पितो. हळदीला सोडा लागला की रंग तांबूस होतो, ते डाग त्याचेच. खेकडा भज्यांत तर मी सोडा घालतच नाही. मोहन कडकडीत तापलेल्या तेलाचं, वाटीला एक मोठा चमचा. त्याहून जास्त घातलं तर भजा तेलात विरघळल्यासारखा फुटतो.

कुरकुरीतपणा हवा असेल तर सोड्याऐवजी वाटीभर पिठात दोन चमचे तांदळाचं पीठ घाला. आमच्या घरी ज्वारीचं पीठ घालतात. ते डब्यात कायम असतंच आणि चवीलाही उजवं लागतं. पण दोनच चमचे, जास्त घातलं की भजा टणक होतो.

७. आता पीठ

इथपर्यंत सगळं तपासलं असेल तर खुशाल माझ्याकडं या.

पावसाळ्यात डाळीचं पीठ हवेतली ओल धरतं. मुठीत दाबलं आणि ढेकूळ तसंच राहिलं तर ते ओलसर आहे. कढईत मंद आचेवर दोन-चार मिनिटं नुसतं गरम करा, रंग बदलू देऊ नका, गार करून चाळा. बऱ्याचदा एवढ्यानं भागतं. खवट वास आला किंवा चव कडवट लागली तर ते पीठ टाकून द्या, त्यावर इलाज नाही.

गिरणीत दळून आणत असाल तर तीन गोष्टी सांगा. डाळ उन्हात कडक वाळवून आणा, लातूरची असो नाहीतर घरच्या शेतातली. दळण भज्यासाठी किंचित रवाळ सांगा, फार बारीक पिठाचा लगदा होतो. आणि तिसरी, महत्त्वाची: डाळीवर डाळ दळून मागा. आधी गहू दळलेला असेल तर जात्यात राहिलेलं गव्हाचं पीठ तुमच्या पहिल्या किलोभरात येतं. गव्हात चिवटपणा असतो, बेसनात नसतो. त्यानं भजा कुरकुरीत न होता चामट होतो. हे मी छातीठोकपणे सांगतो, कारण एकदा दिवाळीच्या गर्दीत ही चूक माझ्याकडूनच झाली होती. तीन घरांचं बेसन बदलून द्यावं लागलं.

सुटं बेसन डाळीच्या भावापेक्षाही स्वस्त मिळालं तर खुश होऊ नका. त्यात वाटाण्याचं पीठ असण्याची दाट शक्यता. डाळ विकत घेऊन, दळून, त्यापेक्षा कमी भावात कोण देणार?

८. तेल

इथून खर्च सुरू होतो. आपल्याकडं तळणीचं तेल डब्यात गाळून ठेवायचं आणि महिनाभर पुरवायचं, ही जुनी सवय. माझी माय तर पोळ्याचं तेल पुढं कितीतरी दिवस जपायची. पण वारंवार तापलेलं तेल दाट होतं, फेसाळतं, कमी आचेवरच धुरावतं, आणि त्यातला भजा तेलकट व काळपट निघतो. तेलात तळण्यानं तयार होणारे ध्रुवीय घटक २५ टक्क्यांच्या वर गेले की ते तेल खाण्यासाठी वापरू नये, असा नियम १ जुलै २०१८ पासून देशभर लागू आहे. घरी ते मोजता येत नाही. फेस, रंग, वास, चिकटपणा, एवढ्यावरून ओळखायचं. मी स्वतः एकदा तळलेलं तेल पुढं फोडणीला संपवतो, पुन्हा तळणीला घेत नाही. नव्या तेलात जुनं मिसळून तर मुळीच नको, नवंही लवकर बिघडतं.

आपला भाग करडईचा. परभणीच्या कृषी विद्यापीठानं करडईचे वाणही काढलेत, आणि घाण्याचं करडी तेल भाकरी-ठेच्यावर मलाही दुसरं चालत नाही. पण तळणीला ते घेऊ नका. घाण्याचं कच्चं तेल लवकर धूर सोडतं, आणि नेहमीच्या करडी तेलात लिनोलिक आम्ल (तेलातलाच एक घटक) साधारण तीन चतुर्थांश असतं, ते तापवून तापवून झपाट्यानं खराब होतं. तळायला रिफाइंड शेंगदाणा तेल घ्या. महाग पडतं, पण कढई लहान आणि खोलगट घेतली तर अर्ध्या लिटरमध्ये चार माणसांचं होतं.

९. कढई आणि शेगडी

पातळ ॲल्युमिनियमच्या कढईत तेल तापतं लवकर आणि उतरतंही लवकर. लोखंडी किंवा जाड बुडाची कढई उष्णता धरते. हे सगळं करूनही दुसऱ्या घाण्यानंतर तेल तापतच नसेल तर खाली वाकून ज्योत बघा. निळी हवी. पिवळी, लांबट, भांड्याला काजळी धरणारी असेल तर बर्नरची छिद्रं बुजलेली आहेत. शेगडी बंद करून, गार झाल्यावर बर्नर काढा, धुवा, सुईनं छिद्रं मोकळी करा, पूर्ण वाळवून बसवा. टाकी संपत आली असेल तरी आच मंदावते, तेही बघून घ्या.

आणि इथं तुमचं काम संपलं. बर्नर साफ करूनही ज्योत पिवळीच राहिली, नॉब घट्ट झाला, ज्योत मागं सरकून आत पेटायला लागली, तर शेगडीचा मेकॅनिक बोलवा. रेग्युलेटर, नळी, आतली जेट यांना स्क्रू-ड्रायव्हर लावू नका. रबरी नळीवर तारीख असते, पाच वर्षं झाली की ती बदलायचीच. वास आला तर रेग्युलेटर बंद करा, खिडक्या-दारं उघडा, लाइटचं बटण चालू-बंद काहीच करू नका, बाहेर येऊन १९०६ वर फोन लावा.

तेलानं पेट घेतला तर पाणी टाकू नका. पाणी तळाशी जाऊन क्षणात वाफ होतं आणि पेटतं तेल छतापर्यंत उडवतं. गॅस बंद करायचा, कढईवर परात किंवा मोठं झाकण सरकवायचं आणि गार होईपर्यंत कढई हलवायची नाही. झाकता येत नसेल तर घर सोडा. हात भाजला तर वाहत्या साध्या पाण्याखाली वीस मिनिटं धरा. टूथपेस्ट, हळद, बर्फ काही नाही. तळहातापेक्षा मोठं भाजलं असेल, तोंडावर किंवा सांध्यावर असेल, लहान मूल असेल, तर थेट दवाखाना, गाडी नसेल तर १०८.

आणखी एक व्यावसायिक आहे ज्याला बोलवायला लोक लाजतात, तो म्हणजे आचारी. चाळीस-पन्नास पानांच्या वर भजे करायचे असतील तर घरच्या शेगडीवर ते होणार नाहीत. शेवटचा घाणा निघेपर्यंत पहिला मऊ पडतो. त्याची भट्टी आणि तेलानं भरलेली मोठी कढई थंडच पडत नाही, तिथं गर्दी केली तरी चालते.

एवढं करून मऊ पडलेले भजे उरलेच, तर चांगल्या तापलेल्या तेलात अर्धा मिनिट पुन्हा सोडा, किंवा तव्यावर कोरडेच दाबून उलटपालट करा. तेही जमलं नाही तर ताक घुसळा, आलं-मिरचीची कढी करा आणि उतरवायच्या आधी भजे त्यात सोडा. डबा घेऊन आलेल्या त्या काकूंनी त्या दिवशी तेच केलं, आणि संध्याकाळी वाटीभर कढी गिरणीत पाठवून दिली.